ग्रां प्रीतील संघ, गाडी आणि इंजिन: खाजगी संघ का संपले?

प्रश्न डिचोलीतील एका यंत्र अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्याने विचारला आहे. जुन्या ग्रां प्री मोटारशर्यतींच्या निकालांत ‘कूपर-क्लायमॅक्स’, ‘लोटस-फोर्ड’ अशी जोडनावे का असतात? गाडी एकाची, इंजिन दुसऱ्याचे आणि शर्यतीत उतरवणारा तिसराच, असे तेव्हा कसे चालत असे? आणि गाडी विकत घेऊन उतरणारे खाजगी संघ आज का दिसत नाहीत?

फोंड्याजवळ माझी इंजिन पुनर्बांधणीची मशीनशॉप आहे. तेथे क्रँक ग्राइंडिंग, लाइन बोरिंग, हेड फेसिंग ही कामे चालतात आणि अधूनमधून एखाद्या शौकिनाची जुनी गाडीही येते. त्यामुळे मी या इतिहासाकडे चालकांच्या पराक्रमापेक्षा गाडी कोणत्या कारखान्यात कोणत्या सुट्या भागांतून उभी राहिली, या बाजूने अधिक पाहत आलो आहे. जोडनावांचे कोडे आपल्याकडील कुटबणच्या किंवा मालीमच्या धक्क्यावर सहज सुटते. ट्रॉलरचा सांगाडा एका यार्डात बांधलेला असतो, इंजिन ट्रक बनवणाऱ्या कंपनीचे असते, गिअरबॉक्स तिसऱ्याकडून आणलेला असतो आणि नाव मालकाच्या श्रद्धास्थानाचे असते. ग्रां प्रीतही गाडी बांधणारा, इंजिन पुरवणारा आणि गाडी उतरवणारा या तीन वेगळ्या भूमिका आहेत. कधी त्या एकाच छपराखाली आल्या, कधी फुटून निराळ्या झाल्या. खाजगी संघांचा उदय आणि अस्त या फाटाफुटीच्या इतिहासाचाच एक भाग आहे.

सुरुवातीला या भूमिका वेगळ्या नव्हत्या. ग्रां प्रीच्या आधीच्या गॉर्डन बेनेट स्पर्धेत तर गाडीचा प्रत्येक भाग तिच्याच देशात बनलेला असावा, असा नियम होता आणि एका देशाला तीनच गाड्या उतरवता येत. फ्रान्समध्ये मोटारी बनवणारे कारखाने सर्वांत जास्त होते. त्यांना हा तीनचा आकडा जाचक वाटला आणि १९०६ साली फ्रेंच ऑटोमोबाइल क्लबने ल मांजवळच्या रस्त्यांवर स्वतंत्र ‘ग्रां प्री’ भरवली. दोन दिवस चाललेल्या त्या शर्यतीत फेरेन्क सिझ याने जवळजवळ तेरा लिटर इंजिनाच्या रेनॉ गाडीतून विजय मिळवला. गाडी रेनॉची, इंजिन रेनॉचे, संघही रेनॉचाच. दुरुस्ती फक्त चालकाने आणि शेजारी बसलेल्या मेकॅनिकने करायची होती, त्यामुळे मिशेलिनच्या झटपट बदलता येणाऱ्या रिम्सचा रेनॉला मोठा लाभ झाला. चाकाच्या या तपशिलाकडे मी मुद्दाम लक्ष वेधतो, कारण बाहेरून आणलेल्या एका सुट्या भागाने शर्यतीचे पारडे फिरवण्याची ही परंपरा पहिल्याच ग्रां प्रीपासून आहे.

पुढची दोन दशके कारखान्यांचीच होती. १९१२ साली प्यूजोने एका इंजिनात माथ्यावर दोन कॅमशाफ्ट आणि प्रत्येक सिलिंडरला चार व्हॉल्व्ह एकत्र आणले, आणि आज रस्त्यावरच्या साध्या मोटारीतही दिसणारी ही मांडणी दिएपच्या शर्यतीत विजयी ठरली. १९२३ साली मोंझा येथे फियाटने सुपरचार्जर (सिलिंडरांत जादा हवा दाबून भरणारा पंप) लावलेल्या इंजिनाने पहिली ग्रां प्री जिंकली. फियाटमधून आलेल्या व्हित्तोरियो यानो याने अल्फा रोमिओसाठी पी२ रचली आणि १९२५ च्या पहिल्या जागतिक निर्माता स्पर्धेचा मान अल्फाला मिळाला. या साऱ्यांपेक्षा वेगळी वाट बुगाट्टीने धरली. १९२४ साली लियाँ येथे प्रथम उतरलेली टाइप ३५ ही गाडी त्याने पैसे मोजणाऱ्या कोणालाही विकली. ती घेऊन हौशी श्रीमंत युरोपभर शर्यती करत फिरले आणि १९२९ ची पहिली मोनॅको ग्रां प्रीसुद्धा विल्यम ग्रोव्हर-विल्यम्स याने बुगाट्टीतूनच जिंकली. खाजगी शर्यतवीर हा प्रकार खऱ्या अर्थाने येथे रुजला.

त्याच १९२९ साली एन्झो फेरारी याने मोडेना येथे स्कुडेरिया फेरारी स्थापन केली. तीही आरंभी दुसऱ्याच्या गाड्या उतरवणारी खाजगी संस्थाच होती. अल्फा रोमिओने स्वतः माघार घेतल्यावर तिच्या पी३ गाड्या स्कुडेरियाच्या हाती आल्या. पी३ ही मेकॅनिकची जागा काढून टाकलेली, एकाच चालकासाठी रचलेली पहिली खरी ग्रां प्री गाडी मानली जाते. १९३५ साली न्युरबुर्गरिंगवर ताझिओ नुव्होलारी याने जर्मन सरकारचे पाठबळ असलेल्या मर्सिडीज आणि ऑटो युनियन यांना जुनाट झालेल्या पी३ मधून हरवले, तेव्हा ती गाडी उतरवणारा संघ स्कुडेरिया फेरारीच होता. पुढे याच फेरारीने इंग्रज संघांना तुच्छतेने ‘गॅरेजवाले’ म्हटले, हा विरोधाभास मला नेहमी गंमतशीर वाटत आला आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर १९५० साली सिल्व्हरस्टोनला जागतिक अजिंक्यपद सुरू झाले, तेव्हा अल्फा रोमिओची १५८ ही दीड लिटर, आठ सिलिंडर, सुपरचार्जर लावलेली गाडी अजिंक्य होती. तिचा आराखडा युद्धापूर्वीचा होता. पुढच्या वर्षीच्या १५९ ची ताकद सुमारे ४२५ अश्वशक्तीपर्यंत पोहोचली, पण इंधन इतके लागे की शर्यतीत पुन्हापुन्हा थांबावे लागे. फेरारीने साडेचार लिटरच्या, सुपरचार्जर नसलेल्या इंजिनाने नेमके हेच मर्म पकडले आणि १९५१ च्या ब्रिटिश ग्रां प्रीत होसे फ्रोइलान गोन्झालेस याने फेरारीला अजिंक्यपदातील पहिला विजय मिळवून दिला. ताकद आणि तहान यांचा हिशेब एकत्रच मांडावा लागतो, हे बार्जची इंजिने हाताळणाऱ्या आमच्यासारख्यांना वेगळे सांगावे लागत नाही.

या काळातील खाजगी चालकांचा आधार म्हणजे मासेरातीची २५०एफ. अडीच लिटरच्या नियमासाठी १९५४ साली आलेली ही सहा सिलिंडरची गाडी मासेरातीने ग्राहकांना विकली आणि स्टर्लिंग मॉस यानेही त्या वर्षी स्वतःची २५०एफ घेऊनच नाव कमावले. इंग्लंडमध्ये टोनी व्हँडरव्हेल या बेअरिंग कारखानदाराने आधी फेरारीकडून गाड्या विकत घेऊन ‘थिनवॉल स्पेशल’ या नावाने उतरवल्या. फेरारी त्याच्या पातळ शेल बेअरिंगांचा ग्राहक होता आणि तो फेरारीच्या गाड्यांचा. पण विकत घेतलेल्या गाडीवर त्याचे समाधान झाले नाही आणि त्याने स्वतःची व्हॅनवॉल बांधली. तिच्या चार सिलिंडर इंजिनाचा माथा नॉर्टन मोटारसायकलच्या धर्तीवर बेतलेला होता, क्रँककेस रोल्स-रॉइसच्या बी४० इंजिनाच्या रचनेवर आधारलेला होता, चॅसी म्हणजे सांगाडा कॉलिन चॅपमनने सुधारला होता आणि बाह्यांग फ्रँक कॉस्टिनने घडवले होते. १९५८ साली निर्मात्यांचा चषक प्रथमच दिला गेला आणि तो व्हॅनवॉलला मिळाला. येथेच आपल्या प्रश्नाच्या पहिल्या भागाचे उत्तर सापडते. या चषकासाठी चॅसी आणि इंजिन यांची जोडी हा एकक धरला जाई. ‘कूपर-क्लायमॅक्स’ आणि ‘कूपर-मासेराती’ या दोन स्वतंत्र नोंदी असत आणि प्रत्येक जोडीच्या सर्वांत पुढे आलेल्या एकाच गाडीचे गुण मोजले जात, मग ती गाडी कारखान्याने उतरवलेली असो वा खाजगी संघाने.

आता कूपरकडे वळू, कारण माझ्या मते आजच्या ग्रां प्री संघाचा खरा पूर्वज फेरारी नसून कूपर आहे. लंडनजवळच्या सर्बिटन येथे चार्ल्स कूपर आणि त्याचा मुलगा जॉन यांचे गॅरेज होते. १९४६ साली त्यांनी पाचशे सीसीच्या स्वस्त शर्यतींसाठी एक गाडी बांधली. फियाट टोपोलिनोची दोन पुढची सस्पेन्शने पाठीला पाठ लावून चॅसी उभी केली आणि जॅप कंपनीचे मोटारसायकलचे इंजिन चालकाच्या मागे बसवले. ते मागे बसवण्याचे कारण तात्त्विक नव्हते, साखळीने मागची चाके फिरवायची तर इंजिन त्यांच्याजवळ असणे सोयीचे, एवढाच विचार होता. मागे इंजिन असलेली ग्रां प्री गाडी ऑटो युनियनने तीसच्या दशकातच केली होती. पण सोळा सिलिंडरांचे ते धूड हाताळणे कठीण होते आणि त्यातून कोणी धडा घेतला नव्हता. कूपरच्या हलक्या गाडीत मात्र या मांडणीचे सारे फायदे उघड झाले. चालकाखालून जाणारा प्रोपेलर शाफ्ट नाहीसा झाल्याने चालकाचे आसन खाली आले, त्यामुळे समोरचा हवेचा अडथळा घटला, वजन कमी झाले आणि टायर कमी झिजू लागले.

इंजिन आणि गिअरबॉक्स कोठून आणायचे, हा पुढचा प्रश्न होता. कोव्हेंट्री क्लायमॅक्स ही फोर्कलिफ्ट आणि अग्निशमन पंपांची इंजिने बनवणारी कंपनी होती. तिचे हलके पंप इंजिन पाहून इंग्रज शर्यतवाल्यांनी मोटारीसाठी तसलेच इंजिन मागितले आणि त्यातून कंपनी या क्षेत्रात आली. तिने ग्रां प्रीसाठी अडीच लिटरचे आठ सिलिंडर इंजिन तयारही केले होते, परंतु प्रतिस्पर्ध्यांनी जाहीर केलेले अश्वशक्तीचे आकडे वाचून धास्ती घेतली आणि ते शर्यतीत उतरवलेच नाही. ते आकडे बरेच फुगवलेले होते हे नंतर कळले. जाहिरातीतील अश्वशक्तीवर विश्वास ठेवू नये, हा नियम तेव्हापासून लागू आहे. त्या इंजिनाच्या एका बाजूच्या चार सिलिंडरांतून सिद्ध झालेले एफपीएफ हे इंजिन कूपरला मिळाले. गिअरबॉक्स सिट्रोएनच्या ट्रॅक्शन अव्हाँ या मोटारीचा घेतला. पुढच्या चाकांनी ओढल्या जाणाऱ्या त्या मोटारीत गिअरबॉक्स आणि डिफरन्शियल एकाच कवचात असत, तोच संच उलटा फिरवून मागे लावला की काम भागत असे. म्हणजे इंजिन एका कारखान्याचे, गिअरबॉक्स रस्त्यावरच्या मोटारीचा आणि गॅरेजात बांधलेली फक्त नळ्यांची चॅसी व सस्पेन्शन. ग्रां प्री गाडी बांधायला आता मोटारींचा कारखाना लागत नव्हता.

हे सिद्ध करणारा विजय १९ जानेवारी १९५८ रोजी ब्वेनोस आयरेस येथे मिळाला, आणि तो कूपरच्या कारखान्याला नव्हे, तर रॉब वॉकर या खाजगी संघमालकाला. जॉनी वॉकर या व्हिस्की घराण्यातील या गृहस्थाची कार्यशाळा डॉर्किंग येथे होती आणि त्याच्या गाड्या गडद निळ्या, नाकावर पांढरा पट्टा अशा असत. मॉस त्याची दोन लिटरहून थोड्या लहान इंजिनाची कूपर चालवत होता. त्या कूपरची चाके बोल्टांनी आवळलेली असल्यामुळे टायर बदलायला फार वेळ गेला असता, आणि टायर बदलावेच लागतील या समजुतीत फेरारीचे चालक निवांत राहिले. मॉस थांबलाच नाही. टायरचे कापड दिसू लागले तरी गाडी सांभाळत त्याने शर्यत जिंकली.

गोव्याच्या वाचकाला १९५९ ची पोर्तुगीज ग्रां प्री विशेष वाटावी. २३ ऑगस्टला ती लिस्बनच्या मोन्सांतो उद्यानातील रस्त्यांवर झाली, तेव्हा आपण अजून पोर्तुगीज अमलाखाली होतो आणि सालाझारच्या कागदोपत्री गोवा हा पोर्तुगालचा सागरापलीकडील प्रांत होता. ती शर्यतही मॉसने वॉकरच्याच कूपरमधून जिंकली, आणि बाकी सर्वांना किमान एका फेरीने मागे टाकून. त्या वर्षी वॉकरच्या गाडीत सिट्रोएनचा नव्हे, तर कोलोत्ती या इटालियन तंत्रज्ञाचा गिअरबॉक्स होता. हवा तो भाग हव्या त्या माणसाकडून घेण्याचे स्वातंत्र्य खाजगी संघाला होते आणि त्याची किंमतही त्यालाच मोजावी लागली. मोनॅकोला आघाडीवर असताना आणि सेब्रिंगच्या अखेरच्या शर्यतीतही गाडीची शक्तिवाहक यंत्रणाच निकामी झाली, आणि अजिंक्यपद कारखान्याची कूपर चालवणाऱ्या जॅक ब्रॅबमकडे गेले. गंमत अशी की मोन्सांतो आणि मोंझा येथील वॉकरच्या विजयांचे गुण निर्मात्यांच्या चषकात ‘कूपर-क्लायमॅक्स’च्या खात्यात जमा झाले आणि तो चषक कूपरने जिंकला.

लोटसचा अजिंक्यपदातील पहिला विजयही वॉकरच्याच संघाने, १९६० साली मोनॅकोला, मॉसच्या हातून मिळवला. पण विक्रेता आणि ग्राहक यांच्यातील नात्याची कमकुवत बाजू पुढच्याच वर्षी दिसली. लोटसची नवी २१ ही गाडी वॉकरला मिळू शकली नाही, कारण लोटसचा करार एका इंधन कंपनीशी होता आणि वॉकरचा दुसरीशी. मॉसने जुन्या १८ मधूनच मोनॅको आणि न्युरबुर्गरिंग येथे बलाढ्य फेरारींना हरवले खरे, परंतु ती चालकाची किमया होती. विक्रेता आपली सर्वोत्तम गाडी स्पर्धकाला विकत नाही, हे सूत्र तेव्हापासून स्पष्ट होते. वॉकरच्या खाजगी संघाचा शेवटचा विजय १९६८ साली ब्रँड्स हॅच येथे, त्याच्या निळ्या गाडीतून, यो सिफेर याने मिळवला.

मधल्या काळात लोटसच्या चॅपमनने १९६२ मध्ये २५ या गाडीत नळ्यांच्या सांगाड्याऐवजी पातळ पत्र्यांची पेटीसारखी मोनोकॉक रचना आणली, आणि चॅसी बांधणे हे वेल्डरपेक्षा विमानाचे पत्राकाम करणाऱ्याचे काम झाले. मग १९६६ साली इंजिनाची मर्यादा दीड लिटरवरून तीन लिटरवर गेली आणि क्लायमॅक्सने नवे इंजिन बनवण्यास नकार दिला. इंग्रज संघांवर हे मोठे संकट होते. ब्रॅबमने ऑस्ट्रेलियातील रेप्को कंपनीकडून ओल्ड्समोबिलच्या अॅल्युमिनियम ब्लॉकवर आधारित इंजिन करून घेतले आणि स्वतःच्या नावाच्या गाडीतून अजिंक्यपद मिळवणारा तो पहिला चालक ठरला. चॅपमन मात्र फोर्डकडे गेला. फोर्डच्या वॉल्टर हेज याच्या पुढाकाराने कंपनीने एक लाख पौंड दिले आणि कीथ डकवर्थ व माइक कॉस्टिन यांच्या कॉसवर्थ या छोट्या कंपनीने डीएफव्ही हे इंजिन घडवले.

या इंजिनाविषयी थोडे विस्ताराने लिहिणे मला आवश्यक वाटते. नव्वद अंशांचे, आठ सिलिंडरांचे, सुरुवातीला सुमारे ४०० अश्वशक्ती देणारे हे इंजिन केवळ ताकदीसाठी श्रेष्ठ नव्हते. ते गाडीच्या सांगाड्याचाच एक भाग होते. मोनोकॉक चालकाच्या पाठीमागे संपत असे, तिच्या मागच्या भिंतीला इंजिन बोल्टांनी जोडलेले असे आणि मागचे सस्पेन्शन व गिअरबॉक्स इंजिनाला लटकलेले असत. तापल्यावर इंजिन फुगते, म्हणून खालचे जोड घट्ट ठेवून वरचे जोड कॅम-कव्हरपाशी पातळ पट्ट्यांनी दिले होते, जेणेकरून त्या पट्ट्या थोड्या वाकतील पण भार सोडणार नाहीत. इतका साधा आणि इतका अचूक विचार मी फार थोड्या यंत्रांत पाहिला आहे. ४ जून १९६७ रोजी झांडव्होर्ट येथे लोटस ४९ मधून ते प्रथमच उतरले. ग्रॅहम हिल सर्वांच्या पुढून सुटला, पण कॅमशाफ्ट फिरवणाऱ्या गिअरांपैकी एक तुटल्याने त्याला थांबावे लागले, आणि जिम क्लार्क जिंकला. डकवर्थने पुढे त्या गिअरांच्या तुंब्यात पीळ सोसणाऱ्या बारीक दांड्या बसवून तो दोष दूर केला.

एकटी लोटसच जिंकत राहिली तर शर्यतीत रस उरणार नाही, हे हेजने ओळखले आणि १९६८ पासून हे इंजिन मॅक्लारेन व केन टिरेल यांनाही मिळू लागले. किंमत सुमारे साडेसात हजार पौंड होती. त्याच्या मागे मेडनहेडच्या माइक ह्यूलंडचा गिअरबॉक्स जोडायचा. ह्यूलंडच्या पहिल्या गिअरबॉक्सांचे कवच फोक्सवॅगन बीटलचे होते, ज्यावर आपल्याकडील जुन्या फिटरांनीही हात बसवला आहे. इंजिन आणि गिअरबॉक्स असे विकत मिळू लागल्यावर चांगला आराखडाकार, थोडे कुशल मेकॅनिक आणि एखादा प्रायोजक एवढ्यावर संघ उभा राहू लागला. १९६९ आणि १९७३ मध्ये अजिंक्यपदाची एकूण एक शर्यत डीएफव्हीने जिंकली, आणि १९८३ साली डेट्रॉइट येथे मिकेले अल्बोरेतोने टिरेलमधून मिळवलेला विजय हा या इंजिनाच्या मालिकेचा शेवटचा, एकशे पंचावन्नावा विजय होता.

खाजगी संघ संपले कसे, याचे उत्तर मला टिरेलच्या कथेत सर्वांत स्वच्छ दिसते. लाकडाचा व्यापारी असलेला टिरेल स्वतः गाडी बांधत नव्हता. फ्रान्सच्या मात्रा कंपनीची चॅसी आणि डीएफव्ही इंजिन घेऊन त्याने १९६९ मध्ये जॅकी स्ट्युअर्टला अजिंक्यपद मिळवून दिले आणि निर्मात्यांचा चषक अर्थात मात्राच्या नावे गेला. पुढच्या वर्षी मात्राने आपलेच बारा सिलिंडरांचे इंजिन वापरायचे ठरवले. टिरेलला ते नको होते आणि चांगली चॅसी विकायला दुसरे कोणी तयार नव्हते. नुकत्याच स्थापन झालेल्या मार्च या कंपनीची ७०१ त्याने घेतली, स्ट्युअर्टने तिच्यातून एक शर्यत जिंकलीही, पण गाडी अवजड होती. तेव्हा टिरेलने डेरेक गार्डनर या आराखडाकाराकडून गुप्तपणे स्वतःची गाडी बांधून घेतली आणि १९७१ साली चालक व निर्माता ही दोन्ही अजिंक्यपदे टिरेलच्या नावावर लागली. इंजिन विकत घेतल्याने त्याचे काही बिघडले नाही. चॅसीसाठी परावलंबी राहिल्याने मात्र सर्व काही दुसऱ्याच्या मर्जीवर राहिले होते. फ्रँक विल्यम्सने हाच धडा अधिक सावकाश गिरवला. त्याने दुसऱ्यांच्या ब्रॅबम आणि मार्च गाड्या चालवल्या, १९७७ मध्ये पॅट्रिक हेडसह डिडकोट येथील कार्पेटच्या जुन्या गोदामात नवी कंपनी काढली, तेव्हाही पहिल्या हंगामात विकत घेतलेलीच मार्च होती. स्वतःची गाडी आल्यावर दोन वर्षांत, १९७९ साली सिल्व्हरस्टोनला, विल्यम्सचा पहिला विजय आला.

त्याच सुमारास लोटसने गाडीच्या तळाचा आकार विमानाच्या उलट्या पंखासारखा करून गाडी रस्त्याला चिकटवली. वेगाचे रहस्य आता सुट्या भागांत राहिले नव्हते, ते वायुबोगद्यातील अभ्यासात होते, आणि तो अभ्यास विकत देण्यासारखा नव्हता. गेल्या वर्षीची गाडी स्वस्तात घेऊन मध्यात कोठेतरी येण्याचा मार्गही त्यामुळे बंद पडू लागला. १९८१ चा, संघ आणि नियामक संस्था यांच्यातील काँकॉर्ड करार झाल्यावर प्रत्येक संघाने आपली चॅसी आपणच निर्माण करावी, ही अट पक्की झाली. त्याच वर्षी जॉन बार्नार्डने मॅक्लारेनसाठी कार्बन फायबरची मोनोकॉक आणली. मोंझाला जॉन वॉटसनची गाडी भीषण आदळूनही तो सुखरूप बाहेर पडला, तेव्हा शंकेखोरांची तोंडे मिटली, पण ती मोनोकॉक मॅक्लारेनलाही अमेरिकेतील हर्क्युलिस कंपनीकडून करून घ्यावी लागली होती, यावरून लहान गॅरेजांची अवस्था लक्षात येईल. इंजिनाची बाजूही बदलली. रेनॉने १९७७ मध्ये आणलेल्या टर्बोच्या मागोमाग बीएमडब्ल्यू, होंडा असे मोठे कारखाने आले. पैसे देऊन कपाटातून काढून मिळणाऱ्या इंजिनाचे दिवस संपले आणि करारावर मिळणाऱ्या इंजिनाचे सुरू झाले. मॅक्लारेनने तर टॅग कंपनीच्या पैशाने पोर्शकडून आपल्या चॅसीच्या मापाचे इंजिन बनवून घेतले, आणि १९८४ पासून सलग तीन वर्षे त्याच्या चालकांनी अजिंक्यपद जिंकले.

त्यानंतरच्या सक्रिय सस्पेन्शन, पॅडल गिअर, २०१४ पासूनचे हायब्रिड इंजिन या साऱ्यांवर स्वतंत्रपणे लिहिता येईल, पण आपल्या प्रश्नाचे उत्तर त्यांनी फारसे बदलत नाही. बदलले ते एवढेच की संघ आता स्थापन होण्यापेक्षा विकले जाऊ लागले. आज मर्सिडीज म्हणून ओळखला जाणारा ब्रॅकलीचा संघ टिरेलचाच वारस आहे. टिरेलचा परवाना बीएआर (ब्रिटिश अमेरिकन रेसिंग) या संघाने घेतला, मग तो होंडा, २००९ मध्ये ब्रॉन आणि २०१० पासून मर्सिडीज झाला. रेड बुल हा मुळात स्ट्युअर्टने काढलेला आणि मधल्या काळात जॅग्वार म्हणून वावरलेला संघ आहे. २००८ साली भारताचा संघ म्हणून आपल्याकडे ज्याचे कौतुक झाले, तो फोर्स इंडियाही सिल्व्हरस्टोनच्या जॉर्डन संघाचाच वारस होता. २००९ मध्ये स्पा येथे जिआनकार्लो फिसिकेलाने त्यातून दुसरा क्रमांक मिळवला, तेव्हा इंजिन मर्सिडीजचे होते आणि गिअरबॉक्स मॅक्लारेनचा. तोच संघ आज ॲस्टन मार्टिन म्हणून धावतो.

दुसऱ्याची गाडी वापरण्याचा मोह अधूनमधून डोके वर काढतोच. २००८ साली मोंझा येथे तोरो रोसो संघाने जिंकलेली गाडी प्रत्यक्षात रेड बुलच्या आराखड्यावरची होती. २०२० साली रेसिंग पॉइंटने मर्सिडीजच्या आदल्या वर्षीच्या गाडीवर बेतून आपली गाडी उतरवली, तेव्हा ब्रेक डक्टच्या (ब्रेक थंड करणाऱ्या हवामार्गाच्या) आराखड्यावरून तिचे १५ गुण कापले गेले आणि चार लाख युरोंचा दंड झाला. कोणते भाग संघाने स्वतःच रचले पाहिजेत आणि कोणते दुसऱ्याकडून घेता येतात, याची यादी आता नियमांत असते. २०१६ मध्ये आलेला हास संघ त्या यादीच्या काठावरच चालत आला आहे. इंजिन, गिअरबॉक्स आणि सस्पेन्शन फेरारीकडून, चॅसीचे काम डालारा या इटालियन कंपनीकडून आणि नियमानुसार लागणारा बाह्याकार स्वतःचा. जुन्या निकालांत अशा गाडीला ‘हास-फेरारी’ म्हटले गेले असते, आणि अधिकृत नोंदीत तिला आजही तेच म्हणतात.